काशीफळाला पहिली सुरी

उदगीरच्या बसने सोमवारी आलेलं काशीफळ शुक्रवार उजाडला तरी डायनिंग टेबलाखाली जसंच्या तसं बसून होतं. लाल भोपळाच म्हणा ना, पण चांगलं भलंमोठं, तांबूस सालीचं, देठ शाबूत असलेलं. बरकतपुऱ्यातला तो फ्लॅट केवढा, त्यात टेबलाखालची जागा केवढी! येता-जाता कुणाचा ना कुणाचा अंगठा त्याच्यावर आपटायचा आणि जो तो पद्मावतीबाईंवरच डाफरायचा, जणू त्या स्वतःच तिथे आडव्या पडल्या होत्या.

"अगं, हे कापून तरी टाक, नाहीतर खाली वॉचमनला देऊन तरी टाक," नामदेवराव पलंगावरून म्हणाले.

"कापून टाक म्हणे! मी कापू? एवढा संसार केलात माझ्याबरोबर आणि आता मला सांगताय कापून टाक?"

घोडं अडलं होतं ते इथेच. अख्खं काशीफळ बाईमाणसाने फोडायचं नाही, ही पद्मावतीबाईंच्या माहेरची आणि सासरची, दोन्हीकडची रीत. पहिली सुरी घरच्या पुरुषाने लावायची. एकदा त्याचा हात लागला की त्याचं काम संपलं. पुढे साल काढा, बिया काढा, किसा, शिजवा, ते सगळं बाईने करायचं. हा कुठला न्याय, असं पद्मावतीबाईंनाही वाटायचं आणि त्या ते बोलूनही दाखवायच्या, कारण मनात आलेलं बोलून दाखवलं नाही तर त्यांना अन्न गोड लागत नसे. पण रीत मोडायची म्हटलं की हात मागे यायचा. सासूबाई सांगायच्या, लेकराबाळांच्या घरात नसती जोखीम कशाला घ्यायची. ते एक वाक्य त्यांच्या मनात घट्ट बसलं होतं.

घरात पुरुष दोन. पहिले नामदेवराव, सिकंदराबादला रेल्वेत हयात घालवून निवृत्त झालेले. त्यांच्या डोळ्याचं मोतीबिंदूचं ऑपरेशन नुकतंच झालेलं. डॉक्टरांनी सांगितलं, वाकू नका, जड उचलू नका, डोळ्यात पाणी जाऊ देऊ नका. नामदेवरावांनी या यादीत आपल्या मनाची भर घातली. काळा चष्मा चढवून ते राजासारखे पलंगावर बसले आणि टीव्हीचा रिमोट उचलणं, दाराची कडी काढणं, स्वतःचा पाण्याचा ग्लास भरून घेणं हे सगळं त्यांच्या डोळ्याला एकाएकी धोकादायक झालं. पेपर मोठ्याने वाचून दाखवायचं कामही पद्मावतीबाईंवर येऊन पडलं होतं. त्यातही ते मध्येच म्हणायचे, "जरा सावकाश, मुद्दा कळत नाही."

"अहो, सुरी नुसती टेकवायची आहे तुम्हाला. एक चीर द्या. डॉक्टरांनी डोळ्याला जपायला सांगितलंय, हाताला नाही!"

"शरीरातल्या सगळ्या नसा एकमेकींना जोडलेल्या असतात, पद्मा," नामदेवराव शांतपणे म्हणाले. "गाड्यावर कापलेली फोड मिळते की. घेऊन ये अर्धा किलो."

यावर पद्मावतीबाईंनी कपाळावर हात मारून घेतला. भावाच्या शेतातलं फळ टेबलाखाली ठेवायचं आणि गाड्यावरची फोड विकत आणायची? आणि मनकर्णावहिनींनी विचारलं तर काय सांगायचं? आणि त्या विचारणारच. उदगीरहून मनकर्णावहिनींचा फोन रोज दिवेलागणीला ठरलेला. भावजय खरी, पण बहिणीपेक्षा जवळची. "काय विशेष?" एवढं त्यांनी म्हणायचा अवकाश, बरकतपुऱ्यात दिवसभरात जे घडलं ते, आणि जे घडेल असं पद्मावतीबाईंना वाटत होतं ते, सगळं त्याच फोनवर उदगीरला पोचायचं. पद्मावतीबाईंच्या तोंडात तीळ भिजत नाही, असं नामदेवराव लग्नाच्या पहिल्या वर्षापासून म्हणत आले होते. त्यात पद्मावतीबाईंना स्वतःला काही वावगं वाटत नसे. आपल्या माणसांना नाही सांगायचं तर कुणाला?

आता प्रश्न असा की या काशीफळावाचून एवढं काय अडलं होतं. अडलं होतं त्रिवेणीपायी.

त्रिवेणी ही सून. आबिड्सला एका विम्याच्या ऑफिसात कामाला. शांत मुलगी, मोजकं बोलणारी. म्हणजे पद्मावतीबाईंच्या अगदी उलट. लग्न होऊन आली तेव्हा एकदा घरात घारगे करायचे होते. तिला तळलेलं फारसं चालत नाही, म्हणून पद्मावतीबाईंनी काशीफळ-गुळाचं तेच मिश्रण जरा सैल केलं, त्यात रवा आणि दही घातलं आणि तिने नव्याने आणलेल्या ओव्हनमध्ये भाजून काढलं. वर सुंठ, लवंग, दालचिनी, जायफळ सगळं सढळ हाताने. केक म्हणावा तर केक नाही, घारगा म्हणावा तर घारगा नाही. पण त्रिवेणीने दोन फोडी खाल्ल्या आणि म्हणाली, "आई, हे परत कराल?" तिने सासूकडे तोंडाने मागितलेली ही पहिली आणि एकुलती एक गोष्ट. तेव्हापासून घरात त्याला घारग्याचा केक म्हणायचे आणि पद्मावतीबाईंना त्याचा एवढा अभिमान, की कुणाच्या घरी बेकरीचा केक कापला तरी त्या त्यातली खोड काढायच्या.

तीच त्रिवेणी आता किती दिवस झाले, घरात धड जेवत नव्हती. फोडणीचा वास आला की उठून बाल्कनीत जायची. वरण-भात पुढ्यात ठेवला की म्हणायची, "ऑफिसात उशिरा खाल्लं, आई." ऑफिसात खाऊन येते आणि दिवसेंदिवस वाळत चाललीय, हे कुठलं गणित? शनिवारी ती आणि आदर्श कुठेतरी जायचे, कुठे ते सांगायचे नाहीत. आणि त्यात परवा पद्मावतीबाईंनी धुतलेले कपडे ठेवायला जाताना त्यांच्या खोलीच्या दाराशी ऐकलं. आदर्श हळूच म्हणत होता, "आईला आत्ताच नको सांगायला. सगळं नीट होऊ दे आधी."

तेवढं पुरे झालं. आदर्शचं ऑफिस तिकडे हायटेक सिटीत. त्याचे सगळे दोस्त कोंडापूरला मोठमोठाले फ्लॅट घेऊन बसलेले. वेगळं व्हायचं चाललंय, आणखी काय! घर ठरलं की एक दिवस सामान बांधतील आणि मग आपल्याला सांगतील. बोलून केलं असतं तर इतकं वाईट वाटलं नसतं, पण न बोलता चाललंय याने पद्मावतीबाईंच्या जिवाची नुसती तगमग झाली. गेल्या वर्षी त्रिवेणीला दिवस राहिले होते आणि ते टिकलं नाही, तेव्हापासून घर आधीच मुकं झालं होतं. तेव्हाही माणसांनी किती विचारपूस केली! गोड बातमी कळली त्याच दिवशी ती उदगीरपासून काचीगुड्यापर्यंत सगळ्यांना कळली होती, आणि पुढे त्याच सगळ्यांचे फोन पुन्हा आले, हळहळायला. त्रिवेणीने एकेक फोन घेतला होता. पद्मावतीबाईंना त्या दिवसांत तेवढाच एक आधार वाटला होता, की आपली माणसं आहेत पाठीशी.

तर म्हणून केक. या पोरीला एकदा आपल्या हातचं पोटभर खाऊ घालायचं आणि मग समोर बसवून विचारायचं, बाई गं, या घरात तुला काय टोचतं. भांडण नाही, तंटा नाही. एवढा साधा बेत. आणि तो अडकला होता एका सुरीवर.

कारण घरातला दुसरा पुरुष म्हणजे आदर्श. नाव ठेवताना नामदेवरावांनी फार आशेने ठेवलं होतं. या पोराचा कशावर म्हणून विश्वास नाही. नवी बाइक त्याने मुद्दाम अमावास्येला घरी आणली. घरच्या पूजेत भटजींना असे प्रश्न विचारले, की ते दक्षिणा न मोजता उठले. लहानपणापासून काशीफळ कापायचा मात्र त्याला भारी उत्साह. "चला, आता घराण्याचा पुरुष शस्त्र उचलणार," असं म्हणून तो एका फटक्यात फळाची दोन शकलं करायचा आणि आईकडे बघून हसायचा.

आणि या खेपेला? सोमवारी म्हणाला, कॉल आहे. मंगळवारी म्हणाला, सुरीला धार नाही. पद्मावतीबाईंनी खालच्या रस्त्यावरून जाणाऱ्या धारवाल्याला हाक मारून धार लावून आणली, तर बुधवारी म्हणाला, मनगट दुखतंय. आणि एवढंच कुठे? नामदेवराव दवाखान्यातून घरी आले त्या दिवशी दारात नारळ ओवाळून फोडायचा होता, तर याने तो वॉचमनच्या हातात दिला. "लाइट घे ना आई, कुणी फोडला तरी खोबरं तेच." कष्टाचं काम नव्हतं, पैशाचं नव्हतं. या घरासाठी साधा हात उचलायचा नाही, असंच ठरवलं असावं त्याने.

गुरुवारी त्यांनी खालच्या मजल्यावरच्या सत्यवतीपुढे मन मोकळं केलं. सत्यवती आंध्रकडची, बोलणं सगळं दखनीत.

"वदिना, इत्ता परेशान कायकू होते? वाचमनको बुलाव, एक मिनटमें कापके देता," ती म्हणाली.

"घरच्या पुरुषाचा हात लागावा लागतो गं. परक्याचा नक्को."

"तो बेटा है ना तुम्हारा?"

"बेटा!" पद्मावतीबाई म्हणाल्या. "बेट्याच्या हाताला मेंदी लागलीय."

शुक्रवारी आदर्शला घरूनच काम होतं. त्रिवेणी सकाळीच आबिड्सला गेली. एप्रिलचं ऊन खिडकीतून थेट हॉलमध्ये आलेलं, पंखा गरम वारा फेकत होता, आणि पद्मावतीबाईंनी आज पदर खोचला होता. सकाळीच त्यांनी सुंठ कुटली, लवंगा-दालचिनी भाजून मिक्सरला फिरवली, वर जायफळ किसलं आणि तो सगळा मसाला वाटीत काढून कट्ट्यावर ठेवला. गूळ चिरला. रवा चाळला. मग काशीफळ टेबलाखालून ओढून काढलं, दोन्ही हातांनी पोटाशी धरून उचललं आणि आदर्शच्या लॅपटॉपशेजारी दाणकन ठेवलं. वर सुरी.

"बंद कर ते."

"आई, कॉल चालू आहे."

"मग बोलत का नाहीस?"

"म्यूटवर आहे मी."

"हातसुद्धा म्यूटवर आहे का? धर सुरी."

"आई, खरंच मनगट..."

"बुधवारी उजवं दुखत होतं. आज डावं चोळत बसलायस. ठरव एकदाचं कुठलं दुखतंय ते!"

आदर्शने मनगट सोडून दिलं. काशीफळाकडे बघितलं, सुरीकडे बघितलं आणि पुन्हा लॅपटॉपच्या पडद्यात तोंड घातलं. पद्मावतीबाईंचा तोल सुटला तो तिथे.

"जा मग! जा कोंडापूरला! मला काही कळत नाही असं वाटतं तुम्हाला? दाराआड कुजबुजता, शनिवारी गायब होता. त्या पोरीने किती दिवस माझ्या हातचा घास नीट गिळलेला नाही. वेगळं व्हायचंय तर सरळ तोंडावर सांगा ना! मी काय पाय धरून अडवणार आहे? आणि जायच्या आधी आईला एक काशीफळ कापून द्यायचं तेसुद्धा जिवावर आलं तुझ्या? इतकी जड झाले मी?"

शेवटच्या शब्दाला त्यांचा आवाज फाटला आणि त्याचा त्यांना आणखीच संताप आला.

आदर्श बघतच राहिला. "कोण वेगळं होतंय?"

"तुम्ही!"

"आई, काहीतरी काय!" त्याने लॅपटॉप मिटला. मग म्हणाला, "मी हे मानत नाही. तुला माहितीये मी मानत नाही."

"मग काप."

"पण या वेळी नको."

आणि त्याने सुरीची मूठ बोटाने हळूच ढकलून पलीकडे सारली, आपल्यापासून लांब.

ज्याची बायको पोटुशी असते त्याने काशीफळ कापायचं नाही, कोहळा कापायचा नाही, नारळ फोडायचा नाही, हे पद्मावतीबाईंना कुणी सांगायला नको होतं. सत्यवतीच्या जावयाच्या हातातून नव्या गाडीच्या पूजेचा नारळ त्यांनीच हिसकावून घेतला होता, सगळ्यांच्या देखत. दुसऱ्या कुणाच्या मुलाने आठवडाभर अशी टाळाटाळ केली असती तर पहिल्याच दिवशी त्यांनी ओळखलं असतं आणि पेढे मागितले असते. पण हा आदर्श होता. अमावास्येला बाइक आणणारा. त्याच्या बाबतीत हे डोक्यात यायचं कसं?

त्यांनी खुर्ची ओढून घेतली.

"कितवा?"

"तिसरा लागलाय." आदर्श टेबलावरच्या काशीफळाच्या देठाशी खेळत म्हणाला. "ऑफिसातली तेलुगू पोरं म्हणाली, गुम्मडिकाया, म्हणजे हे, कापू नको, नारळ फोडू नको. मी हसलो त्यांना. मग त्या दिवशी तू नारळ हातात दिलास आणि... होईचना आई. काही नसतं असं, माहितीये मला. पण गेल्या वेळी मी हे सगळं कापलं-फोडलं होतं ना. म्हटलं, या वेळी उगीच कशाला."

पद्मावतीबाईंना इतका आनंद झाला की त्यांना रडू आलं, आणि रडता रडताच राग आला.

"आणि मला नाही सांगितलंत? घरात राहून मी परकी? शनिवारी दवाखान्यात जात होतात, होय? तिची आई तिकडे सिकंदराबादला बसून सगळं ऐकत असेल!"

"तिच्या आईलाही नाही सांगितलं. कुणालाच नाही. तिसरा पूर्ण होऊ दे म्हणाली त्रिवेणी."

"मी कुणाला सांगणार होते?"

आदर्श नुसता आईकडे बघत राहिला. आतल्या खोलीत नामदेवराव खोकले.

"आई," आदर्श शेवटी म्हणाला, "मागच्या वेळी तिला एकेकाला फोनवर सांगावं लागलं. नाही, आता नाही राहिलं म्हणून. मामींना, सत्यवती आंटीला, मामींच्या माहेरच्या कुणालातरी, ज्यांना ती ओळखतसुद्धा नाही. रात्री तिने फोन बंद करून कपाटात टाकला होता."

माणसं मायेपोटी विचारतात, असं पद्मावतीबाईंच्या ओठावर आलं होतं. ते त्यांनी किती वेळा म्हटलंही होतं. आज ते बाहेर पडेना. एका मागून एक फोन वाजतोय आणि ती मुलगी खिडकीशी उभी राहून हळू आवाजात बोलतेय, हे त्यांना आठवलं. आपण तेव्हा शेजारीच होतो, चहा गाळत. फार लागलं त्यांना ते. आणि ओरडायचं तर कुणावर ओरडायचं, हेही कळेना.

तेवढ्यात आतून सपातांचा आवाज आला. नामदेवराव काळा चष्मा लावून, भिंतीला हात धरून हॉलमध्ये आले. स्वतःहून, कुणी हाक न मारता.

"आण इकडे सुरी."

"अहो, डॉक्टरांनी..."

"डॉक्टरांनी डोळ्याला जपायला सांगितलंय, हाताला नाही," नामदेवराव म्हणाले, जणू हे त्यांचंच वाक्य होतं. "दोघांनी घट्ट धरा."

"तुम्हाला दिसतंय का?"

"एवढं मोठं तर आहे. न दिसायला काय झालं?"

सुरी वाकडी लागली, मध्येच अडकली, पुन्हा लागली. एक बाजू मोठी, एक लहान, अशी शेवटी दोन शकलं झाली. आत केशरी रंग असा सुरेख, की तिघंही वाकून बघत राहिले. मग नामदेवरावांना आपल्याला वाकायचं नाही हे आठवलं आणि ते घाईने ताठ झाले.

पुढचं काम रीतीप्रमाणे पद्मावतीबाईंचं. त्यांनी साल काढली, किसलं, तुपावर परतलं. घरभर गोड वाफ पसरली. गूळ विरघळला, रवा फुगला, दही आणि चिमूटभर सोडा गेला. आणि या सगळ्यात ते दोघे बापलेक दर दोन मिनिटांनी स्वयंपाकघराच्या दारात.

"आई, तिला कळू देऊ नको हं मी सांगितलं म्हणून."

"नाही."

"चेहऱ्यावर दाखवू नकोस," नामदेवराव.

"चेहरा काढून ठेवू का? जावा आपापल्या जागी दोघेही! इतके दिवस तुम्ही नवराबायको गप्प राहिलात, मी एक संध्याकाळ नाही राहू शकत?"

दोघांनी एकमेकांकडे बघितलं. तोही अपमानच होता.

मसाल्याची वाटी उचलून त्या मिश्रणात उलटी करणार, तोच त्यांचा हात थांबला. सुंठ. लवंग. दालचिनी. एकापेक्षा एक उष्ण. तिसऱ्या महिन्यात हे पोटात घालायचं? त्यांनी वाटी मिक्सरच्या मागे सारली. मग चार वेलदोडे सोलले, तेवढे कुटून घातले आणि भांडं ओव्हनमध्ये ढकललं. सुंठेवाचून घारग्याचा केक म्हणजे काय तो केक! पण तसाच घातला.

त्रिवेणी आली तेव्हा केक जाळीवर निवत होता. चपला काढतानाच ती थबकली. रोज वासाने बाल्कनीत पळणारी मुलगी आज वासामागे सरळ स्वयंपाकघरात आली.

"आई, घारग्याचा केक केलात?"

"हौ. आलंच होतं काशीफळ, म्हटलं करून टाकावं." एवढं बोलून पद्मावतीबाईंनी तोंड मिटलं. एरवी एवढ्यावरून त्या सोमवारच्या बसपासून सगळी कथा सांगायच्या. पुढे काहीच येत नाही म्हणून त्रिवेणीने जरा नवलाने वर बघितलं.

सगळे टेबलाशी बसले. त्रिवेणीने पहिली फोड खाल्ली. कुणीही तिच्याकडे बघत नव्हतं आणि सगळे तिच्याकडेच बघत होते. काळ्या चष्म्याआडून नामदेवरावांना त्या बाबतीत सोय होती.

"आई, आज सुंठ नाही घातलीत?"

"संपली होती."

"लवंगपण लागत नाहीये."

"लवंगपण संपली."

"जायफळ?"

"तेपण."

"सगळं एकदम?"

"संपतं एखाद वेळी," पद्मावतीबाई म्हणाल्या आणि पाण्याचा ग्लास तोंडाला लावला.

त्रिवेणीची नजर कट्ट्याकडे गेली. मिक्सरच्या मागे वाटी होती, ताज्या कुटलेल्या मसाल्याने काठोकाठ भरलेली. तिने वाटीकडे बघितलं, मग आदर्शकडे. आदर्शने पंख्याकडे बघितलं. मग तिने रिकामी बशी पुढे केली.

"अजून एक द्या."

पद्मावतीबाईंनी मोठी फोड कापली.

आणि फोन वाजला. दिवेलागण झाली होती, मनकर्णावहिनीच. पद्मावतीबाई फोन नेहमी स्पीकरवर टाकूनच बोलायच्या, त्यांना तसंच ऐकू यायचं. न घ्यावा तर वहिनी पुन्हा करणार, मग भावाला करायला लावणार. त्यांनी तो घेतला.

"कापलं का गं काशीफळ एकदाचं?" वहिनींचा खणखणीत आवाज हॉलभर झाला.

"कापलं. यांनी कापलं."

"भाऊजींनी? डोळा तसा असताना? आणि आदर्श कुठे गेला होता?"

त्रिवेणीने चमचा बशीत ठेवला होता.

"त्याला कॉल होता," पद्मावतीबाई म्हणाल्या.

"बरं. मग, काय विशेष?"

रोजचा प्रश्न. रोजच्या या प्रश्नाला त्यांच्याकडे किती उत्तरं असायची! आणि आज तर असं उत्तर होतं, की ते सांगितलं असतं तर वहिनी तिकडे उदगीरला फुगडी घालायच्या बाकी राहिल्या असत्या. पद्मावतीबाईंनी टेबलाची कड धरली.

"काही नाही, वहिनी. काशीफळ गोड निघालं."

"एवढंच?"

"एवढंच."

"आवाज का असा येतोय तुझा?"

"केक आहे तोंडात," पद्मावतीबाई म्हणाल्या. त्यांनी अजून केकला हातही लावला नव्हता. "ठेवते."

फोन बंद करून त्या उठल्या आणि कुणाकडे न बघता भांडी गोळा करायला लागल्या. त्रिवेणी त्यांच्या मागोमाग स्वयंपाकघरात आली. फडताळातून एक रिकामी डबी काढली, पुसली, मिक्सरमागची वाटी उचलली आणि त्यातला मसाला सावकाश डबीत भरला.

"हा ठेवून देते, आई," ती म्हणाली. "दिवाळीत लागेल. लाडवांना."

दिवाळीला सुंठेचे लाडू कुणी करत नाही. सुंठेचे लाडू करतात ते बाळंतिणीसाठी. पद्मावतीबाई पाठमोऱ्या होत्या, नळ सुरू होता. त्यांनी तो बंद केला नाही.

"हौ," त्या म्हणाल्या. "झाकण घट्ट लाव."